वामन भोसले

वामन भोसले (१९ नोव्हेंबर, १९३२:पोंबुर्फा, गोवा - २६ एप्रिल, २०२१:मुंबई) हे हिंदी चित्रपटसृष्टीतील एक भारतीय चित्रपट संकलक होते. सुमारे चार दशकांच्या कारकिर्दीत त्यांनी दोनशेहून अधिक चित्रपटांचे संकलन केले. त्यांपैकी बहुतेक चित्रपट त्यांनी गुरुदत्त शिराली यांच्यासह संकलित केले. दो रास्ते (१९६९), मेरा गाँव मेरा देश (१९७१), आँधी (१९७५), इन्कार (१९७७), कर्ज (१९८०), हीरो (१९८३), सौदागर (१९९१) आणि गुलाम (१९९८) हे त्यांचे काही उल्लेखनीय चित्रपट होत. इन्कार या चित्रपटासाठी त्यांना सर्वोत्कृष्ट संकलनाचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार, तर सौदागरसाठी फिल्मफेअर पुरस्कार मिळाला.

भोसले यांच्या चित्रपटांत गीतांना मोठे स्थान आहे. दूरचित्रवाणीवर आणि पुढे संगीतवाहिन्यांवर स्वतंत्रपणे दाखवल्या गेलेल्या अनेक लोकप्रिय हिंदी चित्रगीतांची दृश्यरचना त्यांच्या संकलनकक्षात आकाराला आली.

प्रारंभिक जीवन

भोसले यांचा जन्म गोव्यातील बार्देश तालुक्यातील पोंबुर्फा या गावी झाला. त्या काळी गोवा पोर्तुगीज अंमलाखाली होता. गोव्यातील अनेक तरुणांप्रमाणे तेही १९५० च्या दशकाच्या प्रारंभी नोकरीच्या शोधात मुंबईस आले. मुंबईत ते मालाड येथील बॉम्बे टॉकीज या स्टुडिओच्या संकलन विभागात दाखल झाले. तेथे संकलक डी. एन. पै यांच्या हाताखाली त्यांनी उमेदवारी केली. पै यांनी पुढे कमाल अमरोही दिग्दर्शित पाकीजा (१९७२) या चित्रपटाचे संकलन केले.

हिमांशू राय आणि देविकाराणी यांनी १९३४ मध्ये स्थापन केलेली बॉम्बे टॉकीज ही संस्था भोसले तेथे आले तेव्हा अखेरच्या टप्प्यात होती. काही वर्षांतच ती बंद पडली.

फिल्मिस्तानमधील उमेदवारी

बॉम्बे टॉकीजनंतर भोसले गोरेगाव येथील फिल्मिस्तान स्टुडिओत साहाय्यक संकलक म्हणून रुजू झाले. शशधर मुखर्जी, अशोककुमार आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बॉम्बे टॉकीजमधून बाहेर पडून १९४३ मध्ये हा स्टुडिओ उभारला होता. अनारकली (१९५३), नागिन (१९५४), मुनीमजी (१९५५), पेइंग गेस्ट (१९५७) आणि तुमसा नहीं देखा (१९५७) हे फिल्मिस्तानचे या दशकातील यशस्वी चित्रपट असून त्यांच्या यशात संगीताचा वाटा मोठा होता.

भोसले यांनी येथे सुमारे १२ वर्षे साहाय्यक म्हणून काम केले. स्टुडिओपद्धतीत साहाय्यकाच्या वाट्याला येणारे काम कष्टाचे आणि नजरेआड राहणारे असे. प्रयोगशाळेतून आलेली प्रत व ध्वनिफीत एकमेकींशी जुळवणे, प्रत्येक तुकड्याची नोंद ठेवणे, कापून बाजूला काढलेले तुकडे सांभाळणे आणि संकलकाने मागताच नेमका तुकडा हाती देणे ही साहाय्यकाची जबाबदारी असे. काही चौकटींचा तुकडा हरवला तरी पूर्ण दृश्याचा मेळ बिघडू शकत असे.

भोसले यांच्या उमेदवारीच्या काळातच, १९६० मध्ये, पुण्यात प्रभात फिल्म कंपनीच्या जागेवर चित्रपटविषयक शासकीय शिक्षणसंस्था सुरू झाली. संकलनाचे पद्धतशीर शिक्षण घेतलेले संकलक तेथून पुढे बाहेर पडू लागले. भोसले हे त्याआधीच्या, स्टुडिओत प्रत्यक्ष कामातून घडलेल्या पिढीतील होते.

कारकीर्द

राज खोसला यांचे चित्रपट

दिग्दर्शक राज खोसला यांच्या दो रास्ते (१९६९) या चित्रपटापासून भोसले यांची स्वतंत्र संकलक म्हणून ओळख निर्माण झाली.  लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांचे संगीत असलेला हा कौटुंबिक चित्रपट व्यावसायिकदृष्ट्या अतिशय यशस्वी ठरला.

खोसला हे मुळात गायक होण्यासाठी मुंबईत आले होते. त्यांच्या चित्रपटांत गीत हे प्रसंगाचा भाग म्हणून येते. मेरा गाँव मेरा देश (१९७१) या डाकूपटात नायक बांधलेल्या अवस्थेत असताना डाकूंच्या अड्ड्यावर होणारे नृत्यगीत आहे. अशा गीतात नृत्य, बंदिस्त नायक आणि पाहणारे डाकू यांचा तोल राखावा लागतो. नृत्यावर अधिक वेळ रेंगाळल्यास प्रसंगातील धोका विरतो आणि धोक्यावर अधिक भर दिल्यास गीताची लय तुटते. खोसला यांच्या दोस्ताना (१९८०) या चित्रपटाचे संकलनही भोसले यांनी केले.

गुरुदत्त शिराली यांच्यासह भागीदारी

भोसले यांच्या कारकिर्दीतील बहुतांश काम हे गुरुदत्त शिराली यांच्यासह झालेले आहे. चित्रपटांच्या श्रेयनामावलीत दोघांची नावे एकत्र येत. प्यासा आणि कागज के फूल या चित्रपटांचे दिग्दर्शक गुरुदत्त हे शिराली यांच्याहून वेगळे होत. एका वेळी अनेक चित्रपटांचे काम हाती असण्याच्या त्या काळात दोन संकलकांची जोडी असणे निर्मात्यांच्या दृष्टीनेही सोयीचे ठरे.

गुलजार यांचे चित्रपट

या जोडीने गुलजार यांच्या परिचय (१९७२), अचानक (१९७३), आँधी (१९७५) आणि मौसम (१९७५) या चित्रपटांचे संकलन केले. व्यावसायिक चित्रपटांहून या चित्रपटांची गती संथ असून त्यांतील कथन वर्तमान आणि भूतकाळ यांत ये-जा करते. आँधीमध्ये अनेक वर्षांनी भेटलेल्या पती-पत्नीची कथा पूर्वस्मृतींच्या आधारे उलगडत जाते, तर मौसममध्ये एका प्रौढ पुरुषाच्या अपराधभावनेचा माग घेतला आहे. आँधीला राहुल देव बर्मन यांचे आणि मौसमला मदनमोहन यांचे संगीत आहे.

यांतील अचानक या चित्रपटात एकही गीत नाही. तेथे गती राखण्यासाठी संकलकाला गीताच्या तयार लयीचा आधार नव्हता. गीतप्रधान आणि गीतविरहित असे दोन्ही प्रकारचे चित्रपट एकाच काळात हाताळणाऱ्या मोजक्या संकलकांत भोसले यांचा समावेश होतो.

इन्कार

राज एन. सिप्पी दिग्दर्शित इन्कार हा अपहरणावर आधारलेला थरारपट असून त्यावर अकिरा कुरोसावा यांच्या हाय अँड लो (१९६३) या जपानी चित्रपटाचा प्रभाव आहे. यात विनोद खन्ना, डॉ. श्रीराम लागू आणि अमजद खान यांच्या प्रमुख भूमिका होत्या. या चित्रपटाच्या संकलनासाठी भोसले यांना २५ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट संकलनाचा पुरस्कार मिळाला.

राजेश रोशन यांनी संगीतबद्ध केलेले, उषा मंगेशकर यांनी गायलेले आणि हेलन यांच्यावर चित्रित झालेले या चित्रपटातील गुत्त्यातील नृत्यगीत अतिशय लोकप्रिय झाले. थरारपटात गीत आले की कथेचा वेग मंदावण्याचा धोका असतो. इन्कारमध्ये गीत असूनही उत्कंठा टिकून राहते.

सुभाष घई यांचे चित्रपट

सुभाष घई यांनी दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट कालीचरण (१९७६) भोसले यांनी संकलित केला. तेथून खलनायक (१९९३) पर्यंत ते घई यांचे संकलक होते. कर्ज (१९८०), हीरो (१९८३), राम लखन (१९८९) आणि सौदागर (१९९१) हे या काळातील प्रमुख चित्रपट होत. या चारही चित्रपटांना लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांचे संगीत आहे. सौदागरसाठी या जोडीला सर्वोत्कृष्ट संकलनाचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. घई यांनी पुढे ताल (१९९९) हा चित्रपट स्वतः संकलित केला. भोसले यांच्या निधनानंतर त्यांनी आपल्याला संकलन शिकवणारे गुरू म्हणून त्यांचा जाहीर उल्लेख केला.

नंतरचे चित्रपट

मुकुल आनंद दिग्दर्शित अग्निपथ (१९९०) आणि विक्रम भट्ट दिग्दर्शित गुलाम (१९९८) हे भोसले यांच्या कारकिर्दीच्या उत्तरार्धातील महत्त्वाचे चित्रपट होत. गुलाममधील, समोरून येणाऱ्या लोकल गाडीच्या दिशेने रुळांवरून धावण्याच्या शर्यतीचे दृश्य विशेष गाजले. धावणारा तरुण, गाडीचा दिवा आणि पाहणारे मित्र यांची छायाचित्रे कमी होत जाणाऱ्या लांबीत जोडून या दृश्यातील ताण वाढवलेला आहे.

गीतांचे संकलन

चित्रफितीच्या काळातील पद्धत

भोसले यांच्या कारकिर्दीचा मोठा भाग चित्रफितीवर काम करण्याच्या काळात गेला. हिंदी चित्रपटात गीत आधी ध्वनिमुद्रित होते. चित्रीकरणाच्या वेळी ते ध्वनिक्षेपकावर वाजवले जाते आणि कलाकार त्यावर ओठ हलवतात. एकाच कॅमेऱ्याने, अनेक दिवस आणि कधी वेगवेगळ्या स्थळी तुकड्यातुकड्यांनी हे चित्रीकरण चालते. या तुकड्यांतून एक सलग सादरीकरण निर्माण करणे हे संकलकाचे काम असते.

३५ मिलिमीटरच्या चित्रफितीच्या एका फुटात १६ चौकटी मावतात आणि प्रक्षेपणात दर सेकंदास २४ चौकटी पुढे सरकतात. त्यामुळे एका मिनिटाला ९० फूट फीत लागते. सहा मिनिटांच्या गीताची लांबी ५४० फूट भरते व त्यात ८,६४० चौकटी असतात. गीताची लय मिनिटाला १२० मात्रांची असल्यास प्रत्येक मात्रा १२ चौकटींची होते. त्या लयीत आठ मात्रांच्या केरव्याचे एक आवर्तन ९६ चौकटींचे, म्हणजे बरोबर ६ फुटांचे असते, तर सहा मात्रांच्या दादऱ्याचे आवर्तन साडेचार फुटांचे असते. संगीताची लय अशा रीतीने संकलकाच्या हाती लांबीच्या मापात येत असे.

ध्वनी हा चुंबकीय लेप असलेल्या, छिद्रे पाडलेल्या फितीवर उतरवून घेतला जाई. चित्र आणि ध्वनी या दोन फिती संकलनयंत्रावर एकत्र चालवून मात्रांच्या जागी मेणाच्या पेन्सिलीने खुणा केल्या जात. नंतर चित्राची प्रत कापून जोडली जाई. मूळ निगेटिव्हला शेवटपर्यंत हात लावला जात नसे. संकलन पूर्ण झाल्यावर फितीच्या कडेला छापलेल्या क्रमांकांच्या आधारे निगेटिव्ह कापले जाई आणि ते जोडण्यासाठी प्रत्येक छेदाजवळची चौकट खर्ची पडे. त्यानंतर निर्णय बदलणे अवघड आणि खर्चिक होते. त्यामुळे छेद कोठे घ्यायचा, हे संकलकाला बऱ्याच अंशी आधीच मनात ठरवावे लागे.

गीताची अंगे

गीताच्या मुखड्यात आणि अंतऱ्यात ओठांची हालचाल जुळवण्याचे बंधन असते. दोन अंतऱ्यांमधील वाद्यसंगीताच्या भागात ते नसते. तेथे संकलकाला नृत्य, निसर्ग, प्रेक्षक किंवा कथेतील अन्य पात्रे दाखवण्याची मोकळीक मिळते. छेद नेमका मात्रेवर घेतल्यास तो ठळकपणे जाणवतो. मात्रेच्या किंचित आधी घेतल्यास नवे चित्र डोळ्यांत स्थिर होते न होते तोच ठोका पडतो. प्रत्येक मात्रेवर छेद घेतल्यास गीत यांत्रिक वाटू लागते. कोणत्या मात्रा मोकळ्या सोडायच्या, हा निर्णयही तितकाच महत्त्वाचा असतो.

संगीत सोहळ्याचा आभास

कर्जचा नायक हा लोकप्रिय गायक आहे. या चित्रपटात ध्वनिमुद्रिकेच्या तबकडीसारख्या भव्य फिरत्या मंचावरील गीत आहे, तसेच उत्तरार्धात पूर्वजन्मीचा खून रंगमंचावर नाट्यरूपात मांडून गुन्हेगाराला अस्वस्थ करणारे गीतही आहे. दोन्ही प्रसंग प्रेक्षकांसमोर चाललेल्या संगीत कार्यक्रमाचे आहेत.

पाश्चात्त्य देशांत याच सुमारास संगीत सोहळ्यांवरील चित्रपटांचा स्वतंत्र प्रकार रूढ झाला होता. मायकेल वॉडली दिग्दर्शित वुडस्टॉक (१९७०) या चित्रपटाच्या संकलकांत थेल्मा स्कूनमेकर आणि मार्टिन स्कॉर्सेसी यांचा समावेश होता. अशा चित्रपटांत प्रत्यक्ष घडलेला कार्यक्रम अनेक कॅमेऱ्यांनी एकाच वेळी टिपला जातो आणि संकलक त्या विपुल साहित्यातून निवड करतो. हिंदी चित्रपटातील संगीत सोहळ्यात मात्र मूळ कार्यक्रमच अस्तित्वात नसतो. गायक एका दिवशी, वादक दुसऱ्या दिवशी आणि टाळ्या वाजवणारे प्रेक्षक तिसऱ्या दिवशी चित्रित झालेले असू शकतात. कोणी कोणाकडे पाहिले आणि कोणत्या ओळीवर कोणाचा चेहरा बदलला, हे संबंध संकलनातच जन्म घेतात. कर्जमधील नाट्यगीताचा परिणाम मंचावरील खेळ आणि तो पाहणाऱ्या गुन्हेगार स्त्रीचा चेहरा यांच्या आलटूनपालटून येणाऱ्या चित्रांवर अवलंबून आहे. हे गीत वगळल्यास चित्रपटाची कथा पुढे सरकत नाही.

संगीत-चित्रफितींशी संबंध

अमेरिकेत ऑगस्ट १९८१ मध्ये एमटीव्ही ही वाहिनी सुरू झाल्यानंतर संगीत-चित्रफीत हा स्वतंत्र माध्यमप्रकार म्हणून स्थिरावला. भारतात त्याआधीच दूरदर्शनवरील छायागीत आणि चित्रहार या कार्यक्रमांमुळे चित्रपटातील गीते मूळ कथेपासून वेगळी काढून पाहण्याची सवय प्रेक्षकांना लागलेली होती. १९९० च्या दशकात उपग्रह वाहिन्या आल्यावर हीच गीते दिवसभर दाखवली जाऊ लागली.

अशा स्वतंत्र प्रदर्शनात गीताला आधीच्या प्रसंगाचा आधार उरत नाही. त्यामुळे आरंभ, चढण आणि शेवट ही अंगे गीताच्या संकलनातच असावी लागतात. कर्ज, हीरो, राम लखन, सौदागर आणि खलनायक या चित्रपटांतील गीते दूरचित्रवाणीवर वर्षानुवर्षे दाखवली गेली. ध्वनिमुद्रिकांच्या वेष्टनांवर गायक, गीतकार आणि संगीतकार यांची नावे छापली जात. गीताचे दृश्यरूप घडवणाऱ्या संकलकाचे नाव मात्र चित्रपटाच्या श्रेयनामावलीपुरतेच मर्यादित राहिले.

तंत्रज्ञानातील बदल

संगणकाधारित संकलनप्रणाली १९८९ पासून बाजारात येऊ लागल्या आणि १९९० च्या दशकाच्या उत्तरार्धात मुंबईच्या चित्रपटसृष्टीत त्यांचा वापर वाढला. नव्या पद्धतीत फीत न कापता कितीही पर्याय करून पाहता येतात आणि टाकून दिलेला छेद क्षणात परत आणता येतो. गीतांच्या संकलनावर याचा परिणाम लगेच दिसून आला. छायाचित्रांची लांबी कमी झाली आणि एका गीतातील छेदांची संख्या वाढली.

या बदलामुळे स्टुडिओतील उमेदवारीची जुनी साखळीही खंडित झाली. फीत जुळवणे, तुकडे सांभाळणे आणि निगेटिव्ह कापणे ही कामे संपली. त्या कामांच्या निमित्ताने साहाय्यकाला ज्येष्ठ संकलकाशेजारी बसून मिळणारे शिक्षणही कमी झाले. भोसले यांची १२ वर्षांची साहाय्यकी ज्या व्यवस्थेत शक्य झाली, ती व्यवस्था त्यांच्या कारकिर्दीच्या अखेरीस लयास गेली.

शैली आणि मूल्यमापन

भोसले यांच्या चित्रपटांवर एकच ठळक शैली उमटलेली दिसत नाही. आँधीची संथ गती आणि राम लखनचा वेग यांत मोठे अंतर आहे. दिग्दर्शकाच्या प्रकृतीनुसार लय बदलणे हे त्यांच्या कामाचे प्रमुख वैशिष्ट्य मानता येते. भावनाप्रधान कौटुंबिक चित्रपट, डाकूपट, थरारपट आणि संगीतप्रधान चित्रपट अशा विविध प्रकारांत त्यांना सातत्याने काम मिळाले, याचे हे एक कारण आहे.

निधन

भोसले यांचे २६ एप्रिल, २०२१ रोजी मुंबईत वयाच्या ८८ व्या वर्षी निधन झाले. अखेरच्या काळात त्यांचे वास्तव्य गोरेगाव येथे होते. ज्या फिल्मिस्तान स्टुडिओत त्यांनी उमेदवारी केली, तो याच उपनगरात होता.

पुरस्कार

- राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार, सर्वोत्कृष्ट संकलन – इन्कार (२५ वे राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार)
- फिल्मफेअर पुरस्कार, सर्वोत्कृष्ट संकलन – सौदागर (गुरुदत्त शिराली यांच्यासह)

निवडक चित्रपट

- दो रास्ते (१९६९) – दिग्दर्शक राज खोसला
- मेरा गाँव मेरा देश (१९७१) – दिग्दर्शक राज खोसला
- परिचय (१९७२) – दिग्दर्शक गुलजार
- अचानक (१९७३) – दिग्दर्शक गुलजार
- आँधी (१९७५) – दिग्दर्शक गुलजार
- मौसम (१९७५) – दिग्दर्शक गुलजार
- कालीचरण (१९७६) – दिग्दर्शक सुभाष घई
- इन्कार (१९७७) – दिग्दर्शक राज एन. सिप्पी
- कर्ज (१९८०) – दिग्दर्शक सुभाष घई
- दोस्ताना (१९८०) – दिग्दर्शक राज खोसला
- हीरो (१९८३) – दिग्दर्शक सुभाष घई
- राम लखन (१९८९) – दिग्दर्शक सुभाष घई
- अग्निपथ (१९९०) – दिग्दर्शक मुकुल आनंद
- सौदागर (१९९१) – दिग्दर्शक सुभाष घई
- खलनायक (१९९३) – दिग्दर्शक सुभाष घई
- गुलाम (१९९८) – दिग्दर्शक विक्रम भट्ट